काजलशी काय बोलू

माझ्या सासूबाईंचं नाव दगूबाई. घरात सगळे तिला माय म्हणतात, मीही. सारंगखेड्याजवळच्या एका गावातून सोळाव्या वर्षी ती लग्न होऊन कळसाडीला आली. शाळेत ती कधीच गेली नव्हती. माझे सासरे हिलाल पाटील वारले तेव्हा ललित, म्हणजे माझे मिस्टर, आठ वर्षांचे होते. त्यानंतर शेत मायनेच पाहिलं आणि मुलालाही तिनेच शिकवलं.

शिकवलं म्हणजे काय, तर संध्याकाळी ललित वाचायला बसले की ती समोर पाय पसरून बसायची. मांडीवर सुपात तूर नाहीतर शेंगा. तिला एक अक्षर येत नव्हतं, पण मुलगा कुठे अडखळला, कुठे ओळ गाळून पुढे पळाला, हे तिला आवाजावरून कळायचं. "परत वाच," एवढंच म्हणायची. ललित दहावीला गावात पहिले आले.

पुढे ते नाशिकला इंजिनिअरिंगला गेले. पहिल्याच वर्षी तोंडी परीक्षेत सरांनी काहीतरी विचारलं आणि घाईत यांच्या तोंडून निघालं, "सर, मशीन बंद शे." आमच्याकडे अहिराणीत 'आहे'ला 'शे' म्हणतात. सर हसले, मग बाकीचे हसले. वर्षभर हॉस्टेलवर यांना कुणी ललित म्हटलं नाही, 'शे' म्हणायचे. दुसऱ्या वर्षी हे कॉलेज सोडून घरी आले. नंतर बाहेरून बी.ए. केलं, परीक्षा दिली आणि सरकारी कार्यालयात लिपिक म्हणून लागले. ही गोष्ट त्यांनी मला लग्नानंतर एकदाच सांगितली, उद्या पाणी येणार नाही असं सांगावं तशी.

आमची मुलगी काजल. चार वर्षांची होईपर्यंत ती मायच्याच अंगाखांद्यावर वाढली. मी तेव्हा शहाद्याला एका दवाखान्यात नोंदणीच्या टेबलावर काम करायचे, सकाळी जायचे ते संध्याकाळी यायचे. दोघी दिवसभर बोलायच्या. पपईच्या झाडापासून सरड्यापर्यंत सगळ्याची नावं काजलला येत होती, ती अर्थात अहिराणीतली. ती भांडायची अहिराणीत, झोपेत बोलायची तेही अहिराणीत.

२०१९च्या जूनमध्ये तिला शहाद्याच्या इंग्रजी शाळेत ज्युनियर केजीत घातलं. पहिल्या महिन्यातच डायरीत चिठ्ठी आली. मूल वर्गात गावठी बोलतं, घरी इंग्रजी किंवा निदान शुद्ध मराठी बोलावं. ललितनी ती चिठ्ठी दोनदा वाचली आणि डायरी मिटली.

"आजपासून घरात तिच्याशी मराठीच बोलायचं," ते मला म्हणाले.

"आणि माय?"

"तिला येत नाही. तू सांग तिला."

"मी काय सांगू?"

"काजलशी बोलू नको म्हणावं. शाळेचं नुकसान होतं."

मी सांगितलं. माय भाकरी थापत होती. मी पाण्याचा तांब्या तिच्याजवळ सरकवला आणि चिठ्ठीतलं सगळं तिला आमच्या बोलीत समजावून सांगितलं. तिने तव्यावरची भाकरी उलटली.

"ललित म्हने का?" तिने विचारलं.

"हो."

"ठीक शे. मी पोरनासंगे बोलसू नही."

त्यानंतर तिने आणखी दोन भाकरी केल्या. मी तिथेच उभी होते. आपण काही वाईट केलं असं मला तेव्हा वाटलं नाही. खरं सांगायचं तर काहीच वाटलं नाही. एक काम होतं, ते झालं.

मायने शब्द पाळला. काजल शाळेतून आली की माय ताट पुढे करायची, वेणी घालायची, पायात काटा गेला तर काढायची, पण तोंडातून शब्द नाही. सुरुवातीला काजल तिच्या पदराला ओढून विचारायची, "मोठी माय, काबर बोलत नही?" ललित लगेच म्हणायचे, "आजी म्हण. का बोलत नाहीस, असं म्हण." काही महिन्यांनी काजलने विचारणं सोडलं. माय बाहेर शेजारच्या दिवलीबाईशी ओट्यावर बसून बोलायची. मग तेही कमी झालं. बोलायची सवय ही काही नळासारखी नसते, इथे बंद आणि तिथे चालू अशी.

पुढच्या वर्षी कोरोनात शाळा बंद झाल्या. दवाखान्यातलं माझं काम सुटलं. काजलचे वर्ग मोबाइलवर सुरू झाले. मधल्या खोलीत खुर्चीवर मोबाइल टेकवायचा, समोर काजल, बाजूला मी. माय मागे भिंतीला टेकून बसलेली असायची, कारण घरात दुसरीकडे पंखा नव्हता. ललितनी बजावून ठेवलं होतं, माइक चालू असतो, घरातला आवाज जाता कामा नये. मायने भांडी आवाज न करता ठेवायला शिकून घेतलं. खोकला आला तर ती उठून अंगणात जायची.

त्या काळात मला एक गोष्ट लक्षात आली आणि मी ती कुणाला सांगितली नाही. मीही अहिराणीतच वाढले. माझं मराठी पुस्तकातलं. त्या मराठीत मला लेकीला सांगता येत होतं की हात धू, वही काढ, लवकर कर, चुकलं, परत लिही. पण तिला चिडवायचं कसं, खोटं खोटं रागवायचं कसं, कुशीत घेऊन काय बडबडायचं, ते मला त्या भाषेत येत नव्हतं. म्हणून मी ते करत नव्हते. आमचं बोलणं अभ्यासापुरतं होतं. काजल ऐकणारी मुलगी झाली. तिचं अक्षर सुंदर होतं, नव्वदच्या वर मार्क असायचे. ललित गुणपत्रिका प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये ठेवायचे.

तिसरीत दिवाळीच्या सुट्टीआधी तिच्या वर्गशिक्षिकेने मला बोलावलं. रूपल मॅडम, शहाद्यातल्या एका मारवाडी कापडव्यापारी घरातली सून. त्यांनी काजलची वही माझ्यासमोर उघडली.

"वाचते छान. एकही चूक नाही. पण गोष्ट वाचून झाली की विचारलं, काय झालं गोष्टीत, तर गप्प बसते."

"घाबरत असेल."

"घाबरत नाही. तिच्याकडे सांगायला शब्द नाहीत. हे बघा." रविवारी काय केलं यावर काजलने लिहिलं होतं की मी आईवडिलांबरोबर बागेत गेले, तिथे कारंजं होतं. "तुमच्या गावात बाग आहे का?"

"नाही."

"पुस्तकातलं वाक्य आहे ते. सगळ्या उत्तरांत पुस्तकातलीच वाक्यं आहेत." "घरी ती गप्पा कुणाशी मारते?"

मी आठवून पाहिलं. कुणाचंच नाव सांगता येईना.

"माझा अंकित घरी त्याच्या आजीशी मारवाडीत बोलतो, दिवसभर," त्या म्हणाल्या. "त्याचं इंग्रजी काही बिघडलं नाही. आधी एका भाषेत भरपूर बोलता आलं पाहिजे, मग दुसरी येते. घरी आजी आहे ना तिला?"

"आहे," मी म्हटलं.

घरी येऊन ललितना सगळं सांगितलं. ते जेवत होते. त्यांनी मान खाली घालून जेवण पूर्ण केलं, हात धुतला, टॉवेल दोरीवर नीट घातला.

"मग सांग मायला," ते म्हणाले.

"या वेळी तुम्ही सांगा."

ते उंबरा ओलांडून बाहेर गेले. माय अंगणात दादर ज्वारी निवडत बसली होती. ते तिच्याजवळ जाऊन उकिडवे बसले. घरात ते मायशी अहिराणीत बोलायचं केव्हाच विसरले होते, दोन-चार कामाचे मराठी शब्द असायचे तेवढेच. त्या दिवशी बोलले.

"माय, काजलसंगे बोलत जाय."

मायने सूप खाली ठेवलं नाही. एक खडा काढून बाजूला टाकला.

"काय बोलू?"

"काहीबी. पहिले बोले तसं."

"मी इसरी गऊ," माय म्हणाली. रागाने नाही. चष्मा कुठे ठेवला ते विसरले, असं म्हणावं तशी. ललित उठून मोटारसायकल पुसायला लागले. ती सकाळीच पुसून झाली होती.

मला वाटलं होतं, आता सगळं परत सुरू होईल. तसं झालं नाही. माय एखादा शब्द बोलायची आणि काजल माझ्याकडे बघायची. "मम्मी, आजी काय म्हणाली?" मी सांगायचे. मग काजल उत्तर द्यायची आणि माय माझ्याकडे बघायची. ज्या पोरीने पहिला शब्द मायच्या मांडीवर उच्चारला होता, तिच्या आणि मायच्या मध्ये मी दुभाषी होऊन बसले. आठ-दहा दिवसांनी दोघीही कंटाळल्या.

डिसेंबरमध्ये कापूस वेचणी चालू होती. मजूर कमी होते, म्हणून एका रविवारी आम्ही सगळेच शेतात गेलो. काजललाही नेलं. मी आणि ललित एका ओळीत होतो, माय आणि काजल पलीकडच्या ओळीत. कपाशी काजलच्या डोक्याच्या वर गेली होती, माय वाकून वेचत होती, दोघी दिसत नव्हत्या, नुसता आवाज येत होता.

"आजी, हे का नाही फुटलं?"

आणि मग मायचा आवाज आला, हळू, एकेक शब्द जपून टाकत.

"ते कच्चं बोंड आहे. ते तोडू नये. त्याला अजून ऊन पाहिजे."

ललितचा हात थांबला. माझाही.

"आणि हे काळं कशाने झालं?"

"त्याच्यात अळी गेली आहे. अळी आतून खाते. बाहेरून समजत नाही."

ती शुद्ध मराठी बोलत होती. थोडी अडखळत, पण 'आहे' अगदी स्वच्छ. मोबाइलवरच्या मराठीच्या बाई बोलायच्या तसं, मी काजलला समजावायचे तसं. चार वर्षं भिंतीला टेकून तिने काजलचे सगळे धडे ऐकले होते, आधी मोबाइलवरचे, मग मी घ्यायचे ते. कुणी तिला विचारलं नव्हतं, तिनेही सांगितलं नव्हतं.

दुपारी निंबाखाली भाकरीचं फडकं सोडलं तेव्हा ललित म्हणाले, "माय, आपलीच बोली बोल तिनासंगे. मीच सांगी ऱ्हायनू ना आते."

"तिले ती समजत नही," माय त्यांना म्हणाली. "मले आते हाई मराठी येस." मग काजलकडे वळून तिने विचारलं, "तुला मिरची पाहिजे का?" काजल नको म्हणाली. माय तिच्या भाकरीवरची मिरची उचलून स्वतःच्या भाकरीवर ठेवून जेवायला लागली.

तेव्हापासून त्या दोघी बोलतात. मायचं मराठी आता बरंच सुधारलं आहे. अडलं तर काजल तिला शब्द सांगते, चुकलं तर दुरुस्त करते आणि माय तो शब्द पुन्हा म्हणते. रूपल मॅडमनी निरोप पाठवला की काजल वर्गात आता हात वर करते, बोंडअळीवर तिने पाच मिनिटं सांगितलं, थांबवावं लागलं. ललितनी तो निरोप ऐकला आणि बरं झालं म्हणाले.

दिवलीबाई परवा ओट्यावर येऊन बसली होती. माय तिच्याशी बोलताना मध्येच 'आहे' म्हणून गेली. दिवलीबाईने तिच्याकडे पाहिलं आणि विषय पुढे नेला. मी आत पीठ मळत होते. काजल चौथीत आहे. तिची सहामाही सोमवारपासून आहे, आणि वेळापत्रक मायनेच फळीवर चिकटवायला सांगितलं आहे.