अंडं न्हाय हो त्यात

सगुणाबाई कुणाच्याही दारात आल्या की आधी एकच वाक्य बोलायच्या, "अंडं न्हाय हो त्यात." मग हातात जे काही असेल ते पुढं करायच्या. कोथिंबिरीची जुडी असली तरी हेच. एकदा माझ्या सासूबाईंकडून उसनी नेलेली सुई परत करायला आल्या आणि सुई पुढं धरून म्हणाल्या, "घ्या वैनी, अंडं न्हाय हो त्यात." गल्ली हसायची आणि त्याही हसायच्या. बहात्तरच्या दुष्काळानंतर दोनेक वर्षांनी मी लग्न होऊन करमाळ्याहून सोलापुरात आले, तेव्हा मलाही वाटलं, बाई गमतीदार दिसते. ती गंमत कुठून आली होती ते कळायला नाताळ यावा लागला.

सगुणाबाई ख्रिस्ती होत्या. नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली, मूलबाळ नाही. एका परदेशी डॉक्टरीणबाईंच्या बंगल्यावर त्यांनी उभी हयात स्वयंपाक केला. डॉक्टरीणबाई मायदेशी गेल्या आणि सगुणाबाई आमच्या गल्लीत दोन खोल्या घेऊन राहिल्या, दारात दोन कोंबड्या बाळगून. गल्ली बहुतेक आम्हा लिंगायतांची. आमच्याकडं अंड्याचं टरफलही उंबऱ्याच्या आत चालायचं नाही. पण म्हणून कुणी सगुणाबाईंशी वाईट वागत होतं असं मुळीच नाही. दिवाळीला घराघरातून फराळाचं ताट त्यांच्याकडं जायचं. त्या चवीनं खायच्या आणि दुसऱ्या दिवशी येऊन सांगायच्याही, "वैनी, चकली झ्याक झाली, पर औंदा ओवा जरा जास्ती पडला की." सासूबाईंना राग यायचा आणि पुढच्या वर्षी ओवा कमी पडायचा.

आलेलं ताट रिकामं परत करायचं नाही ही रीत सगळ्यांचीच. सगुणाबाई ती नाताळात पाळायच्या. डॉक्टरीणबाईंनी त्यांना केक, पुडिंगं, बिस्किटं असं पुष्कळ शिकवलं होतं, पण त्या सगळ्यात अंडं. त्यातून शोधून शोधून त्यांनी गल्लीसाठी एकच पदार्थ ठेवला होता. त्याचं इंग्रजी नाव त्यांना येत होतं, पण आमच्यासाठी तो 'ओटची वडी'. हे ओट म्हणजे पत्र्याच्या डब्यात मिळणारे पोह्यासारखे चपटे दाणे. लष्कर भागातल्या एका वाण्याकडं आजारी माणसांच्या पेजेसाठी ते ठेवलेले असायचे. डबा महाग, म्हणून त्या निम्मे ओट आणि निम्मी ज्वारीची जाड भरड घ्यायच्या. दोन्ही कोरडं भाजायचं, त्यात कणीक, गूळ आणि लोणी घालून बोटांच्या टोकांनी चोळायचं, गोळा होऊ द्यायचा नाही. त्यातला अर्धा चुरा पसरट ट्रेमध्ये थापायचा, वर खजूर आणि बोरांचा शिजवलेला गर पसरायचा आणि उरलेला चुरा भुरभुरवायचा. बोरांच्या बिया काढायला त्या दोन दुपारी बसायच्या. मी मदतीला गेले की सांगायच्या, "बी ऱ्हाऊ देऊ नको पोरी. एका बीपायी समदं ताट बदनाम होतंय."

ट्रे भाजायला जायचा रशीदचाचांच्या भट्टीवर. दिवाळीत आमच्या घरातली नानकटाईही त्याच भट्टीत, त्यांच्याच पत्र्यांवर भाजली जायची. शेजारच्या पत्र्यावर त्यांचे अंड्याचे केक फुगत असायचे. त्याबद्दल गल्लीनं कधी ब्र काढला नाही. रशीदचाचा तर सगुणाबाईंच्या वडीबद्दल छातीवर हात ठेवून सांगायचे, "मेरे सामने पकातीं बाई. अंडा नै इसमें, नक्को डरो." पण आमच्या बायका त्यांच्या भट्टीवर विश्वास ठेवायच्या, शब्दावर नाही.

माझ्या पहिल्या नाताळाला सगुणाबाई भट्टीवरून आल्या त्या ट्रेवरचं फडकं काढूनच. गुळाचा, भाजल्या लोण्याचा असा काही वास सुटला होता की गल्लीतलं प्रत्येक दार किलकिलं झालं. मी सुरी घेऊन धावले तर म्हणाल्या, "गार हू दे. घाई केली की चुरा हुतोय, वडीचा बी आन् माणसाचा बी." गार झाल्यावर त्यांनी नीट चौकोन कापले. ताटं भरली आणि दारोदार गेल्या, "अंडं न्हाय हो त्यात." प्रत्येकीनं दोन्ही हातांनी ताट घेतलं, "कशाला एवढं?" म्हटलं आणि आत नेलं.

आमच्या घरात ताट आत आलं ते मागच्या दारानं बाहेर गेलं. मागच्या घरातल्या महादेवीकाकूंची एक शेळी होती. सासूबाईंनी सगळ्या वड्या पदरात घेतल्या आणि शेळीपुढं ओतल्या. मी म्हटलं, "आत्याबाई, मी होते तिथं चुरा चोळताना. खरंच अंडं नाही." सासूबाईंनी मान हलवली. मनातलं बोलायचं झालं की त्या कानडीवर यायच्या. "ब्याड, ब्याड," म्हणाल्या, म्हणजे नको. "दारात कोंबड्या हायत तिच्या. हात चुकून कुटं लागला असंल तर?" मी बघितलं तर शेळीपुढं आमच्या आधीच तीन घरांच्या वड्या पडलेल्या. महादेवीकाकू कौतुकानं सांगायच्या, नाताळात शेळीचं दूध वाढतं. ते दूध मात्र गल्लीतली सगळी लेकरं पीत होती, त्याला कुणाची हरकत नव्हती. मी काल आलेली सून. चार दारांत जाऊन भांडले असते तर माहेरी पोचवली गेले असते आणि वड्या तरीही शेळीनंच खाल्ल्या असत्या.

सगुणाबाईंना हे ठाऊक नसेल, अशी माझी भाबडी समजूत. दुसऱ्या नाताळाआधी बोरं निवडताना त्या सहज म्हणाल्या, "म्हादेवीची शेळी औंदा लई माजलीया. तिच्यापायी एक ट्रे वाढवावा म्हंते." माझे हात थांबले. त्या हसल्या आणि म्हणाल्या, "अगं, माझ्या खिडकीतनं शेळी दिसती की."

मला राहवलं नाही. म्हटलं, "मावशी, मग का एवढे हाल करता? ताटात साखर घाला, नारळ ठेवा. ते घेतील सगळ्या, खातीलही."

"कोरडा शिधा भटजीला देत्यात पोरी. शेजाऱ्याला आपल्या हातचं शिजवल्यालं द्याचं असतंय." बीकडं बघतच त्या बोलत होत्या. "तुजी सासू मला करंजी देती. तिच्या हातची चव मला म्हाईत हाय. माझ्या हातची चव हितं कुणाला म्हाईत न्हाय. एवड्या वर्सांत कुणालाच न्हाय. म्या मेले तर माझं काय याद करतील गं ह्या? शेळी?"

मला तर माहीत होती की, चव. दरवर्षी त्या ट्रेचा कोपरा माझ्यासाठी काढून ठेवायच्या आणि म्हणायच्या, "हितंच खा, घरी न्हेऊ नगं, तुला बोलणी बसतील." बोरांचा आंबटपणा आधी लागायचा, मग खजूर, आणि ज्वारीची भरड दाताखाली कुरकुरत राहायची. पण माझ्या एकटीच्या खाण्यानं त्यांचं भागत नव्हतं आणि का भागावं?

पुढच्या वर्षी त्यांनी मनावर घेतलं. नाताळाच्या बऱ्याच आधी, भर दुपारी, सगळ्या बायका पाणी भरायला बाहेर असताना त्यांनी दोन्ही कोंबड्या एका विणकरणीला विकल्या. मुद्दाम मोठ्यानं बोलत होत्या, "न्हे बाई न्हे, आता माझ्या घरात अंड्याचं नाव न्हाय." कोंबड्यांचे पाय बांधताना मात्र त्यांना गाठ मारता येईना, ती विणकरणीनंच मारली. राणी आणि सोनी अशी त्यांची नावं होती. नंतर कितीतरी दिवस सगुणाबाई सकाळी मूठभर कण्या घेऊन दारात यायच्या, "बा बा बा" म्हणायच्या आणि मग आठवल्यासारखं करून कण्या चिमण्यांना टाकायच्या.

नाताळ आला. ताटं गेली. मी देवाला नवस बोलून बसले होते. सासूबाईंनी ताटाकडं जरा जास्त वेळ बघितलं, एवढं खरं. मग म्हणाल्या, "कोंबड्या गेल्या म्हणून काय झालं? अंडी बाजारात मिळत्यात की." आणि मागचं दार उघडलं.

संध्याकाळी मी गेले तर सगुणाबाई खिडकीशी बसल्या होत्या. "काय म्हनल्या सासू?" मला खोटं बोलता आलं नाही आणि खरंही बोलता आलं नाही. त्यांनीच माझ्या पाठीवर हात फिरवला. समजूत घालायला मी गेले होते आणि रडले मीच.

त्यानंतर त्यांच्या बोटांना वात धरला. चुरा चोळवेना. अहमदनगरला त्यांची भाची होती, तिनं न्यायचं ठरवलं. निघताना ओटचा न उघडलेला एक डबा त्यांनी माझ्या हातात ठेवला आणि म्हणाल्या, "ह्येची पेज करू नकोस गं आजाऱ्याला." टांगा आला तशी सगळी गल्ली बाहेर आली. बायकांचे डोळे खरोखर भरून आले होते; प्रेम नव्हतं असं मी कसं म्हणू? सासूबाईंनी वाटेसाठी कडक भाकरी आणि शेंगांची चटणी बांधून दिली. सगुणाबाईंनी पुरचुंडी दोन्ही हातांत घेतली, नाकाशी नेली आणि भाबडेपणाचा आव आणून विचारलं, "अंडं न्हाय न्हवं ह्यात, वैनी?"

हशा पिकला. सासूबाईही हसल्या, आणि हसता हसता काहीतरी बोलायला पुढं झाल्या. तेवढ्यात टांगा हलला.

दिवाळीच्या सुमारास रशीदचाचांच्या भट्टीवर बातमी कळली. सगुणाबाई नगरलाच वारल्या, पावसाळ्यात कधीतरी. नानकटाईचा ट्रे तसाच सोडून मी घरी आले आणि सासूबाईंना सांगितलं. त्या भाकरी थापत होत्या. थापता थापता थांबल्या. पदराला हात पुसत म्हणाल्या, "बोरं घालायची न्हवं ती? आंबूस लागायचं."

मी चमकले. "तुम्हाला कसं माहीत?"

"खाल्ली की. पयल्याच वर्षी, तू यायच्या आधी. दाराआड हुबारून एक खाल्ली." तव्यावरची भाकरी करपत होती. "लई ग्वाड लागली गं. मग मागल्या दारी आले तर म्हादेवी आन् समद्याजणी शेळीला घालत हुत्या. मी एकलीच खाल्ली म्हनून कसं सांगू? मग मी बी घातली. पुढं दर साली घालतच गेले. टांग्यापाशी तोंडापत्तर आलं हुतं माझ्या, सगुणाबाई, तुजी वडी म्या खाल्लीया." त्यांनी पदरानं डोळे पुसले, पदराचं पीठ गालाला लागलं. "आता कुणाला सांगू?"

मला त्यांचा भयंकर राग आला होता. पण त्या पिठाच्या गालाकडं बघून तोही धड टिकला नाही.

नाताळात त्यांनीच डबा फोडायला लावला. बोरांच्या बिया दोघींनी मिळून काढल्या. भट्टीवरून ट्रे आला, गार होऊ दिला, चौकोन कापले आणि आमच्या घरची म्हणून ताटं गल्लीत गेली. महादेवीकाकूंनी तर दारातच एक उचलून तोंडात टाकली. "आगं बया, काय झ्याक झालीया! कुनाकडनं शिकलीस गं सूनबाई?" आणखी दोघीतिघी जमल्या, त्यांनीही घेतल्या. शेळी पलीकडं बांधलेली होती, मान वर करून ताटाकडं बघत होती. त्यात काय आहे, काय नाही, एकीनंही विचारलं नाही.

"सगुणाबाईची हाय," सासूबाई माझ्या मागून म्हणाल्या.

महादेवीकाकूंचा हात थांबला. तोंडात घास होता. थुंकावा तर ताट आमच्या घरचं, गिळावा तर वडी सगुणाबाईंची. सगळ्याजणी एकमेकींकडं बघत उभ्या राहिल्या.

सासूबाई पुढं आल्या.

"गिळ गं म्हादेवी," त्या म्हणाल्या. "अंडं न्हाय त्यात."