इंदूमावशीपासून लपवलेली नोंद

जानेफळची इंदूमावशी. माझ्यावर सगळ्यात जास्त उपकार कोणाचे, असं कोणी विचारलं की मी हेच नाव घेतो. भाषणांत घेतलं, पुस्तकाच्या पहिल्या पानावर छापलं. पण त्या नावामागे मी काय दडवलं, ते माझ्या बायकोलाही ठाऊक नाही. आज तुम्हाला सांगतो. कुठून सुरुवात करू?

आमच्या खेड्यात शाळा चौथीपर्यंतच. पुढे शिकायला जानेफळला आलो तेव्हा मावशीनं ओसरीवर जागा दिली, ताटात भाकर दिली. नात्याची नव्हती. तिचे यजमान फौजेत होते. एकाहत्तरच्या लढाईत बेपत्ता झाले. लग्नाला दोन वर्षंही झाली नव्हती. तिला वाचता येत नव्हतं, म्हणून दर रविवारी डब्यातून त्यांची जुनी पत्रं निघायची आणि मी वाचायचो. घाई केली की म्हणायची, “हळू वाच ना बापू, तुही काय गाडी सुटून राह्यली?” पाकिटावरचा फौजी नंबर मला पाढ्यासारखा पाठ झाला. आमच्या घराण्यात पदवी घेणारा मी पहिला. पुढे इतिहासाचा प्राध्यापक झालो, बेपत्ता सैनिकांचा शोध हेच काम झालं — ते त्या ओसरीवरच ठरलं होतं.

या कामात नाव फसवतं. एका गावचे, एका आडनावाचे चारचार जवान निघतात. म्हणून आम्ही आधी नंबर पाहतो, मग अंगावरची खूण. जिल्ह्यातल्या अशा जवानांवर मी पुस्तक लिहिलं. सर्वांत मोठं प्रकरण मावशीच्या यजमानांचं. त्याचं शेवटचं वाक्य होतं — या माणसाचं काय झालं, हे आता कोणालाच कधी कळणार नाही. केवढा अभिमान होता मला त्या वाक्याचा!

पुस्तक छापून झालं. मेहकरला प्रकाशन ठरलं, मावशीचा सत्कार ठरला. आणि त्याच्या तीन आठवडे आधी, उत्तरेकडच्या एका शहरात, दुसऱ्याच कोणाच्या शोधात असताना, लष्करी दवाखान्यातली मृतांची एक जुनी नोंदवही माझ्यासमोर आली. असल्या वह्या मी आधीच पाहायला हव्या होत्या. पाहिल्या नव्हत्या. बेपत्ता माणूस मेलेल्यांच्या वहीत कशाला असेल — इतका साधा, इतका मूर्ख विचार! त्या पानावर एक जखमी. नावाची जागा रिकामी. नंबराचे शेवटचे दोन आकडे लिहिलेलेच नाहीत, बाकीचे माझ्या पाठातलेच. डाव्या मनगटावर विंचवाचं गोंदण. तिसऱ्या दिवशी मृत्यू. तिथेच दहन.

विंचू मला माहीत होता. लग्नानंतर दोघांनी बाजारात बसून गोंदून घेतलं होतं. “मी नाई रडली, हेच रडले,” असं सांगून मावशी पदर तोंडाला लावून हसायची.

पानाचा फोटो काढला. कार्यक्रम झाला की सांगू, असं ठरवलं. कार्यक्रमात मावशी नवं लुगडं नेसून व्यासपीठावर बसली. टाळ्या वाजल्या. मी सांगितलं नाही.

मग आखाजी आली. अक्षय्य तृतीयेला आमच्याकडे गेलेल्या माणसांच्या नावानं पाण्याची घागर भरतात. मावशीनं सासूसासऱ्यांच्या दोन भरल्या. तिच्या पुतण्याची बायको सरिता भीतभीत म्हणाली, “काकूबाई, काकाजीच्या नावाची बी भरून टाकू ना एक. किती वर्सं झाली.”

मावशी उसळली. “काऊन वं? तू पाह्यलं काय त्यायले मेलेलं?” आणि माझ्याकडे बोट करून, “हा एवढा मोठा प्राध्यापक बसला इथं. त्याले नाई सापडलं, अन् तुले चुलीपाशी सापडलं!”

सरिता ओशाळून हसली. फोन माझ्या खिशात होता आणि फोनमध्ये ते पान. मी काय केलं? — मी आणखी एक पुरणपोळी मागून घेतली.

भित्रेपणा म्हणू की क्रूरपणा? ती आशेवर जगते, ती कशी मोडायची — असं मी स्वतःला समजावत राहिलो. खोटं होतं ते. मला वाचवायचं होतं ते माझं वाक्य. दुसऱ्या आवृत्तीतही मी ते तसंच ठेवलं. नऊ वर्षं झाली. दरवेळी ती फोनवर विचारायची, “काही लागलं काय रे हाताले?” आणि मी म्हणायचो, “नाई मावशी.”

गेल्या महिन्यात सरितानं फोन लावून दिला. मावशीनं खाट धरली आहे. आवाज ओळखू येईना. म्हणाली, “मी गेली तरी तू धुंडत राह्यजो बापू.”

समोर जाऊन बसायची हिंमत तेव्हाही झाली नाही. सरिता वाचून दाखवेल म्हणून पत्र पाठवलं. ते असं —

“मावशीस साष्टांग नमस्कार.

काका सापडले आहेत. ते जखमी होऊन लष्कराच्या दवाखान्यात आले होते. तिसऱ्या दिवशी वारले. तिथेच अग्नी दिला. वहीत त्यांचं नाव कोणी लिहिलं नाही, नंबरही अर्धाच लिहिला, म्हणून घरी कळलं नाही. मनगटावरच्या विंचवाची नोंद आहे. पानाचा फोटो सोबत आहे, सरिता दाखवेल.

हे मला आज कळलेलं नाही. नऊ वर्षांपूर्वी कळलं, पुस्तकाच्या कार्यक्रमाच्या आधी. पुस्तक खोटं ठरू नये म्हणून मी लपवलं. आखाजीला तू सरितावर रागावलीस, तेव्हा तिचं खरं होतं आणि ते मला माहीत होतं. फोनवर ‘नाई मावशी’ म्हणालो, ते दरवेळी खोटं होतं.

त्यांना फार त्रास झाला नाही, असं लिहायचं मनात आलं होतं. तसं त्या पानावर काही नाही. म्हणून लिहीत नाही.”