वेळबंगल्यातली अकरा मिनिटं

कसबा बावड्याच्या कडेला, उसाच्या फडांमध्ये, एक गोल दगडी इमारत आहे. बोर्डावर 'कालसंशोधन मंदिर' असं लिहिलंय, पण रिक्षावाल्याला तसं सांगितलंत तर तो तुम्हाला एखाद्या देवळासमोर नेऊन सोडेल. वेळबंगला म्हणा, अख्ख्या कोल्हापुराला ठाऊक आहे. तिथं मी बावीस वर्षं मदतनीस आहे. वेळेला लगाम घालायला निघालेले शास्त्रज्ञ आले आणि गेले, दार उघडणारा मीच राहिलो.

बंगल्याच्या मधोमध संथ खोली आहे. आतलं एक मिनिट म्हणजे बाहेरचा एक तास. आत ठेवलेली औषधं, बियाणं महिनोन् महिने ताजी राहतात. एक दूधवाला दर उन्हाळ्यात येऊन हुज्जत घालायचा, "दोन कॅन ठिवा की आत, पावणं. नासनार न्हाईत." माणसाला मात्र आत जायला बंदी. एकदा आम्ही एक कोंबडी ठेवून बघितली होती. काचेतून ती पेंढा भरल्यासारखी दिसायची. दोन दिवसांनी बाहेर काढली तर दाणे टिपायला लागली. तरीही मला त्या खोलीची भीती वाटायची. तिच्याकडं पाठ करून मी कधी डबा खाल्ला नाही.

त्या पावसाळ्यात पंचगंगेचं पाणी आमच्या दोन्ही रस्त्यांवर चढलं. आम्ही नवराबायको बंगल्याच्या आवारातच राहतो. सकाळी बायको शेडमधून जळण काढायला गेली आणि हाताला काहीतरी टोचलं म्हणत परत आली. मी जाऊन लाकडं हलवली. काळीभोर, अंगावर पांढरे पट्टे. मण्यार होती. तिचा दंश फारसा दुखत नाही, त्यामुळं बायको तोवर चहाचं आधण ठेवत होती.

बावड्यातले डॉक्टर गुडघाभर पाण्यातून आले. तिच्या पापण्या मिटायला लागल्या होत्या, त्या बघून त्यांनी मला बाजूला घेतलं. पुरामुळं सापाचे इतके पेशंट आले होते की लस संपली होती. फोनाफोनी करून जयसिंगपुरात मिळाली, पण ट्रॅक्टर आणि मग बोट असं करत पोचायला सहा तास लागणार होते. मण्यारीच्या विषानं श्वास थांबतो. तिचा श्वास दोन तास टिकेल याचीही डॉक्टरांना खात्री नव्हती.

बंगल्याच्या प्रमुख असलेल्या मॅडम तिथंच उभ्या होत्या. म्हणाल्या, "तिला संथ खोलीत ठेवा." बाहेरचे सहा तास म्हणजे आत सहा मिनिटं. फक्त एक अट होती. रिकामी खोली तयार ठेवलेली होती, दार लावताच संथ होणार होती; पण त्यानंतर एकदा दार उघडलं की तिचा वेग मोडतो आणि पुन्हा धरायला अर्धा दिवस जातो. लस हातात आल्याशिवाय दाराला हात लावायचा नव्हता.

मी तिला आतल्या खाटेवर निजवलं. साप चावल्यावर आमच्याकडं सांगतात तेच सांगितलं, "हलू नगंस. श्वाससुद्धा जपून घे." आणि दार लावलं.

डॉक्टर आणि मॅडम बोटीची वाट बघायला पाण्याच्या कडेला गेले. काचेपाशी मी एकटा. आत बायको फोटोतल्यासारखी निश्चल. मी नजर तिच्या छातीवर लावली. पातळाचा काठ वर चढायला दोन मिनिटं लागत होती, उतरायला दोन. मी भिंतीवरच्या घड्याळावर श्वास मोजत होतो. असा मी चार तास उभा होतो. पाय भरून आले, पण बसलो तर एखादा श्वास चुकेल असं वाटायचं.

मग काठ वर गेला आणि उतरलाच नाही.

चार मिनिटं झाली. पाच झाली. मी काच पुसली, जणू चूक काचेचीच होती. सातव्या मिनिटाला माझा हात दाराच्या दांड्यावर होता. श्वास खरंच थांबला असेल तर न उघडणं म्हणजे तिला डोळ्यांदेखत मरू देणं. थांबला नसेल आणि मी उघडलं, तर विष बाहेरच्या वेगानं चढणार आणि तिला मारणारा मीच. मी मॅडमना हाका मारल्या. कुणाला ऐकू गेल्या नाहीत. आयुष्यात इतका मी कधीच घाबरलो नव्हतो. नवव्या मिनिटाला मी दांडा अर्धा खाली ओढला. का थांबलो ते आजही सांगता येत नाही. शहाणपण नव्हतं ते.

अकराव्या मिनिटाला काठ हळूहळू उतरायला लागला.

लस आली तेव्हा दुपार टळली होती. दार उघडल्याबरोबर डॉक्टर आत धावले. बायकोनं जडावलेले डोळे किलकिले केले, मला काचेपाशी त्याच जागी बघितलं आणि बोबड्या जिभेनं म्हणाली, "अजून हितंच हुबं हायसा? औषध कवा आननार?"

पुढचे आठ दिवस दवाखान्यात गेले. घरी आल्यावर मी तिला विचारलं, मध्येच श्वास का थांबवलास?

"तुमीच म्हनलासा न्हवं, जपून घे म्हनून? मग धरला की वाईच." वाईच म्हणजे तिच्या हिशेबानं अकरा सेकंद.

बाहेर त्याची अकरा मिनिटं झाली होती, हे तिला मी समजावून सांगितलं. ती हसली, आणि मग माझा चेहरा बघून हसायची थांबली.

त्याला आता दोन वर्षं झाली. दुपारी जेवून ती लवंडली की मी पेपर उघडून शेजारी बसतो आणि पेपराच्या कडेवरून पातळाचा काठ बघत राहतो. मला वाटायचं तिला कळत नाही. परवा तिनं डोळे न उघडताच म्हटलं, "चालू हाय. पान उलटा की आता, कवाधरनं त्येच धरलायसा."

मी पान उलटलं आणि काठ पुन्हा वर येईपर्यंत थांबलो.