बातम्यांतला नमस्कार

आमच्या आळीत पहिला टीव्ही आमच्याकडे आला आणि संध्याकाळी माझं घर माझं राहिलं नाही. मी नवी सून. सगळ्यांना हसून पाणी द्यायची आणि आतून धुमसायची. शेजारच्या मावशींवर मात्र मला कधी रागावता आलं नाही. त्या गाण्यांना, सिनेमाला फिरकायच्या नाहीत, फक्त बातम्यांना यायच्या. त्यांचा एकुलता एक मुलगा इराकला गवंडीकामाला गेला होता आणि तिकडे लढाई पेटली होती.

पडद्यावरची बाई ‘नमस्कार’ म्हणाली की मावशी डोक्यावर पदर घेऊन तिला हात जोडायच्या. माझा नवरा हसायचा.

“मावशी, तिले तुम्ही नाही दिसत.”

“नसंन दिसत. पन कोनी नमस्कार केला त मान ठेवा लागते ना गा.”

मंत्र्यांचे दौरे, संप, पूर त्यांच्या कानावरून जायचे. परदेशच्या बातम्या लागल्या की त्या सरसावून बसायच्या. इराकचं नाव निघालं तर त्या दिवशी मावशींच्या घरी चूल पेटत नसे. नाही निघालं तर, “आज काही नाही निघालं वं. बरा आहे माहा पोरगा,” म्हणत भात टाकायला जायच्या. हळूहळू मलाही ते पटायला लागलं. एवढं मोठं काही झालं तर दिल्लीची बाई सांगणारच की!

एकदा बरेच दिवस ते नाव निघालंच नाही. मावशी अगदी खुशीत होत्या. कुही गावाहून भावाने आणलेला नवा तांदूळ त्यांनी मलाही दिला. आणि एका दुपारी, मुलासोबत गेलेल्या गवंड्याचा भाऊ निरोप घेऊन आला. मुलगा परांचीवरून पडून वारला होता. लढाईचा काही संबंध नव्हता. आठवडा उलटून गेला होता. म्हणजे ते सगळे दिवस मावशी निश्चिंत मनाने भात रांधत होत्या.

तेरवी झाल्यावर त्या बातम्यांच्या वेळी आल्या. मी टीव्ही बंद करायला उठले.

“राहू दे वं.”

बाई ‘नमस्कार’ म्हणाली. मावशींचे हात मांडीवरच राहिले. हवामानापर्यंत सगळं त्यांनी ऐकलं आणि मग माझ्याकडे वळल्या.

“साऱ्या जगाचं सांगते हे. माह्या पोराचं काहून नाही सांगितलं वं? रोज त हात जोडत होती मी तिले.”