चौकोनी प्रभावळ

सोरा एर्सिलिया वेडी आहे असं मी म्हणायचे, आणि तिच्या तोंडावर म्हणायचे. पाठीमागे बोलणं मला जमत नाही. रोममध्ये मोंतीच्या उतारावर माझं इस्त्रीचं दुकान, आणि बरोबर समोर सान्ता सोफ्रोनियाचं चर्च. परदेशी लोकांच्या नकाशांत ते नसतं. जे कोणी आत शिरतात ते बहुतेक सावलीसाठी शिरतात. त्या चर्चची किल्ली एर्सिलियाकडे. झाडलोट, फुलं, मेणबत्त्या, दार उघडणं-लावणं, सगळं तिचंच. वेदीवरच्या चादरी माझ्याकडे इस्त्रीला यायच्या, त्यातून आमचं जमलं. ती साठी ओलांडलेली, मी पंचेचाळिशीची, म्हणून मी तिला सोरा, म्हणजे बाई, म्हणायचे. लग्न तिने केलं नाही. कोणी विचारलंच तर म्हणायची, "एक पुरुष घरी यायचाय, तो आधी येऊ दे."

तो पुरुष म्हणजे तिचा थोरला भाऊ ओतेल्लो. ती बारा वर्षांची असताना तो महायुद्धात फौजेबरोबर रशियात गेला आणि बर्फात हरवला. मेला असं कोणी सांगितलं नाही, जगला असंही नाही.

आता त्या चर्चमधल्या एका बाईचं सांगायला हवं, नाहीतर पुढचं कळायचं नाही. सान्ता सोफ्रोनियाच्या वेदीमागे अर्धघुमट आहे आणि तो सगळा काचेच्या बारीक खड्यांनी मढवलेला आहे. मध्ये ख्रिस्त, दोन्हीकडे संत, खाली ओळीने मेंढ्या. खडे मुद्दाम थोडे तिरपे बसवलेत, त्यामुळे एका मेणबत्तीवर सगळं सोनं हलायला लागतं. अगदी डावीकडच्या कोपऱ्यात, संतांच्या रांगेत चुकून आल्यासारखी, एक बाई उभी आहे. बाकी सगळ्यांच्या डोक्यामागे गोल प्रभावळ, आणि हिच्या मागे निळा चौकोन. नावाचे खडे केव्हाच गळून पडलेत. आमच्या गल्लीत तिला चौकोनी बाई म्हणतात.

ओतेल्लो लहानपणी त्या चर्चमध्ये घंटा वाजवायचा. तिथल्या म्हाताऱ्या पाद्र्याने त्याला सांगितलं होतं की गोल प्रभावळ मेलेल्यांची आणि चौकोनी जिवंत माणसाची. त्याने ते घरी येऊन बहिणीला सांगितलं.

"म्हणजे ती बाई जिवंत आहे?" एर्सिलियाने विचारलं.

"आहे की. नदीपलीकडे त्रास्तेवेरेला राहते. सासू बाहेर सोडत नाही, नाहीतर आली असती."

एर्सिलियाला ते खरंच वाटलं. पुढे कित्येक वर्षं ती येणाऱ्याजाणाऱ्या बायकांचे चेहरे वरच्या बाईशी ताडून बघायची. आणि ओतेल्लो निघाला तेव्हा आईच्या हातात आपला फोटो देऊन म्हणाला, "चौकोनी फ्रेममध्ये लाव हं, आई." त्यांच्या घरात कपाटावर मेलेल्यांचे फोटो होते, सगळे लंबगोल फ्रेमींत, कबरीवर लावतात तसे. ओतेल्लो त्यांच्यात एकटा चौकोनी. आई गेली, ती लंबगोलात गेली. चौकोनी फ्रेम तिथेच राहिली.

असं पन्नास वर्षं चाललं. मग रशियातून हाडं यायला लागली. सप्टेंबरात एक तरुण लष्करी अधिकारी टोपी काखेत धरून एर्सिलियाकडे आला आणि त्याने सांगितलं, सूर्यफुलांच्या एका शेतात खणताना भावाचा पत्र्याचा बिल्ला सापडलाय आणि त्याच्यासोबत तोही. तेव्हा मी तिथेच होते, घडी घातलेल्या चादरी घेऊन. मला वाटलं, आता ही कोसळणार. तिने त्याला कॉफी दिली, साखर किती विचारली आणि म्हणाली, "आणून पोचवलंत, उपकार झाले."

पेटी एवढीशी होती, बुटांच्या खोक्यापेक्षा थोडी मोठी. व्हेरानोच्या दफनभूमीत भिंतीतल्या एका खणात, आईच्या शेजारी, ती ठेवली. खण कच्च्या विटांनी बंद केला. वर संगमरवर बसवायचा होता, दोन नोव्हेंबरच्या आत. त्या दिवशी सगळं रोम आपापल्या मेलेल्यांकडे जातं. उघड्या विटा घेऊन कोणी बसत नाही.

संगमरवरवाला रिगेत्तो दफनभूमीच्या दाराशीच असतो. एर्सिलियाने त्याच्यासमोर तो फोटो ठेवला.

"छान. चिनीमातीवर भाजून देतो. लंबगोल," रिगेत्तो म्हणाला.

"चौकोनी."

"सोरा एर्सिलिया, इथून तिथपर्यंत भिंत बघा. एक तरी चौकोन दिसतोय? ही काय दुकानाची पाटी आहे?"

ती हटून बसली. रिगेत्तो म्हणाला, "पाद्री हो म्हणत असेल तर माझं काय जातं." म्हणून आम्ही फादर काल्लिस्तोंकडे गेलो. ते भले गृहस्थ, पण जेवणाच्या वेळी गेलं की त्यांचं भलेपण जरा कमी होतं.

"एर्सिलिया, अगं चौकोन जिवंत माणसाचा. तूच सगळ्यांना सांगतेस ना? ओतेल्लोला आपण खणात ठेवलं. मी स्वतः प्रार्थना म्हटली. आता चौकोन लावणं म्हणजे पवित्र जागी खोटं बोलणं."

"मग आपली चौकोनी बाई?"

फादर हसले. "तिला मरून हजार वर्षं झाली, बाई!"

"मग तिला गोल का नाही केलं कोणी?"

फादरांनी रुमाल झटकला. "आपल्याकडे नसेल केलं. दुसरीकडे कुठेतरी केलं असेल."

एवढंच ते बोलले. बोलून सूप प्यायला गेले. पण एर्सिलिया दारातच उभी राहिली. बाहेर आल्यावर मला म्हणाली, "व्हेलिया, चल बघू या. एक जरी सापडला, मेल्यावर गोल केलेला, तरी मी लंबगोल लावीन. माझा शब्द."

मी कपाळाला हात लावला. पण गेले. गुरुवारी दुपारी माझं दुकान बंद असतं, आणि तिला एकटी सोडवेना. माझा जीव होता तिच्यावर. सांगायला लाज कसली.

ऑक्टोबर होता. आमच्या ऑक्टोबरात ऊन मधासारखं होतं आणि भिंतींवरून उतरायचंच विसरतं. गुरुवार म्हणजे घरोघरी न्योक्की. बटाट्याचे ते गोळे पोटात घेऊन आम्ही निघायचो, डोळ्यांवर झापड. दाराबाहेर मोटारींचा गोंगाट, दार लोटलं की गार अंधार, मेणाचा वास, आणि वर कुठेतरी सोनं. काही दिसेपर्यंत थांबावं लागायचं. मग एक हात उमटायचा, एक मेंढी, एक डोळा. दुपारच्या झोपेत माणसं दिसतात तशी ती सगळी हळूहळू जवळ यायची. मी जन्मभर रोममध्ये राहून कधी वर बघितलं नव्हतं. इस्त्रीवाली खालीच बघते.

सान्ता प्रास्सेदेत चौकोनी पोप सापडला, हातावर छोटं चर्च घेतलेला. पुढच्या गुरुवारी सान्ता मारिया इन दोम्निकात गेलो तर तोच पोप, मरियेचा पाय धरून गुडघ्यांवर. सान्ता चेचिलियात पुन्हा तोच.

"हा मेला सगळीकडे घुसलाय," मी म्हणाले.

"आणि सगळीकडे चौकोनीच," एर्सिलिया म्हणाली. तिचा चेहरा उजळला होता.

सान्ता कोस्तांझात तर चौकोनच नाही, ते त्याहून जुनं. तिथे छतावर नुसते द्राक्षांचे वेल, पक्षी, आणि द्राक्षं तुडवणारी माणसं. त्या गोल वाटेवर आम्ही वर बघत फिरत राहिलो आणि मला वाटायला लागलं की छतच फिरतंय आणि मी उभी आहे. बाकावर बसले ती तिथेच पेंगले. जागी झाले तेव्हा एर्सिलिया शेजारी बसून पुटपुटत होती. मला वाटलं प्रार्थना करतेय. ती ओतेल्लोला सांगत होती की द्राक्षं छान उतरलीत, तू असतास तर एक घोस चोरला असतास.

मला रडू आलं. मी रागावले. "सोरा एर्सिलिया, पुरे आता. पेटी तुम्ही स्वतःच्या हातांनी ठेवलीत. माणूस गेला की गेला. कोपरे राहिले काय आणि घासले काय!"

"खरंय," ती म्हणाली. "पण मी ते घासले असं व्हायला नको ना."

शेवटच्या गुरुवारी आम्ही चेलियोच्या टेकडीमागे गेलो. तिथे सान जेनुआर्दो नावाचं एक चर्च आहे, मोटार दुरुस्तीच्या दोन दुकानांच्या मध्ये दडलेलं. किल्ली शेजारच्या गाईदो नावाच्या म्हाताऱ्याकडे. तो खोकत खोकत आला, दार उघडलं आणि एका बाकावर टेकला. आत अर्ध्या भिंतीचे खडे पडलेले, तिथे नुसता चुना. उरलेल्या भागात एक बिशप होता. गोल प्रभावळ.

आम्ही निघणारच होतो. तेवढ्यात ऊन खिडकीतून खाली सरकलं आणि बिशपच्या डोक्यामागे आलं. एर्सिलियाने माझा दंड घट्ट धरला. मलाही दिसलं. त्या गोलाच्या आत चौकोन होता. जुने निळे खडे, आणि चारी बाजूंना नवं सोनं भरून त्याचा गोल केलेला. नवं सोनं सपाट होतं, हलत नव्हतं.

ती बाकावर बसली आणि पर्स उघडून फोटो काढला. खाकी कपड्यांतला एकवीस वर्षांचा पोरगा, कान मोठे, हसू दाबून धरलेलं. फोटोच्या चारी कोपऱ्यांवर तिने एकेक करून अंगठा ठेवला, कोपरा झाकला जाईल असा. किती कापावं लागेल ते ती बघत होती. आपलं म्हणणं खरं ठरलं की बरं वाटतं म्हणतात. मला अजिबात बरं वाटलं नाही.

"मिळाला," ती शेवटी म्हणाली. "शब्द दिलाय. चल रिगेत्तोकडे."

गाईदो खोकला आवरत म्हणाला, "काय मिळालं?"

मी त्याला सांगितलं, की मेल्यावर गोल केलेला चौकोन.

"तो होय!" म्हातारा हसला, पुन्हा खोकला. "मेला म्हणून कुठला! तो माझ्या आजोबांच्या वेळेस केलाय. पावसाने खडे सुटले, म्हणून कुठल्या तरी गावाहून एक कारागीर आणला. त्याला चौकोनाचं काय ठाऊक! त्याला वाटलं, मोडलाय, म्हणून त्याने नीट करून टाकला. आजोबा गावाला गेले होते. आले ते शिव्या देतच आले. मरेपर्यंत म्हणायचे, ज्याला माणूस ठाऊक नाही त्याने हात कशाला लावावा."

एर्सिलियाने अंगठा कोपऱ्यावरून काढला.

"परत सांगा," ती म्हणाली.

गाईदोने परत सांगितलं. मग तिने पर्समधून लिंबाच्या गोळ्या काढून त्याच्या हातावर ठेवल्या, सगळ्याच्या सगळ्या, आणि बसमध्ये ती पूर्ण रस्ताभर हसत होती. बाहेर ऊन होतं, खिडकीच्या काचेवर तिचं तोंड उमटलं होतं आणि क्षणभर मला ती बारा वर्षांची दिसली.

फादर काल्लिस्तोंना तिने एवढंच सांगितलं, "सगळं रोम बघितलं. ओळखीच्यांनी कोणालाच गोल केलेलं नाही." फादरांनी तिच्याकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, आणि म्हणाले, "लाव बाई. देवाला कोपरे टोचत नाहीत." त्या दिवशी त्यांचं जेवण झालेलं होतं.

दोन नोव्हेंबरला त्या भिंतीवर शेकडो लंबगोलांमध्ये एक चौकोन होता. जाणारे-येणारे थांबून बघायचे. एर्सिलिया खाली फुलं लावत होती आणि कोणी विचारलं तर सांगत होती, "माझा भाऊ. रशियाहून आलाय."

पुढे सहा-सात हिवाळे गेले आणि एर्सिलियाही गेली, झोपेत, किल्ली उशाखाली. मी रिगेत्तोकडे गेले तेव्हा तिचा फोटो तयार होता. तिनेच आधी देऊन ठेवला होता, लंबगोल करून ठेव म्हणून.

"मी विचारलं, तुम्हाला चौकोन नको का?" रिगेत्तो म्हणाला. "तर म्हणाल्या, माझी वाट बघणारं मागे कोणी नाही रे."

मी घरी जाऊन दार लावून रडले. मला म्हातारीने विसरावं! रागही आला, अजून येतो.

त्यांच्या खणांकडे मी दर गुरुवारी जाते. आई लंबगोल, बहीण लंबगोल, मध्ये तो, एकवीस वर्षांचा, चारी कोपऱ्यांसकट. मी त्याला कधी पाहिलेलं नाही. त्याचा आवाज कसा होता ते सांगणारंही आता कोणी उरलं नाही. गेल्या महिन्यात रिगेत्तोचा मुलगा शिडी घेऊन आला होता, कुठलीशी अक्षरं रंगवायला. काम झाल्यावर तो खाली उतरला, दोन पावलं मागे गेला आणि मान तिरकी करून भिंतीकडे बघत म्हणाला, "मावशी, हा एक तेवढा वाकडा दिसतो. वडिलांनी गडबडीत केला असणार. लंबगोल करून देऊ? एका रांगेत छान दिसेल."

"खबरदार हात लावशील तर," मी म्हणाले. "मी ओळखते त्याला."