लागोसच्या घराची चतुःसीमा

तो तपास मी अजून विसरलेलो नाही. आणि तो हाती आला खाकी उतरवून चार वर्षं झाल्यावर. २०२० साली आयर्लंडमध्ये, एनिसला मुलीकडे आलो आणि लॉकडाऊनमध्ये अडकलो. मुलगी तिथल्या इस्पितळात डॉक्टर. शेजारी लागोसचे एक ऐंशीचे गृहस्थ राहायचे. हृदय थकलेलं, विमानप्रवास कायमचा बंद. आईचं घर एकदा फोनवर तरी दिसावं, एवढीच त्यांची इच्छा. लागोसमधला त्यांचा पुतण्या दोनदा शोधून आला आणि म्हणाला, "काका, पाण्यासमोर तसं घरच नाही."

पुतण्यानंच घर गिळलं असणार, हा माझा पहिला संशय. सवय जात नाही.

कुंपणाच्या दोन बाजूंना खुर्च्या टाकून मी जबाब सुरू केला. इंग्रजांच्या अमदानीतलं लागोस काका हातवारे करून दाखवायचे: किनाऱ्यालगतची झाडं, जवळचं चर्च, गव्हर्नरची बोट, दारात शिवत बसलेली आई. घरासमोर पाणी. उलटसुलट विचारलं तरी तफावत नाही. मग मी पुतण्याला फोनवर फैलावर घेतलं. तोही ठाम.

मुलगी चिडली. "बाबा, तो बिचारा हेल्प करतोय, त्याला आरोपीसारखं ग्रिल नका करू ना!"

चूक माझीच होती. पंचनाम्यात जागेची चतुःसीमा लिहिताना नदी, समुद्र या आमच्या पक्क्या खुणा. त्या हलत नाहीत असं आम्ही धरूनच चालतो. दुसऱ्या दिवशी म्हटलं, "काका, पाणी सोडा. चर्चकडून घरी येताना सकाळचं ऊन कुठल्या गालावर यायचं?"

"डाव्या." उत्तर तयारच होतं. "आणि पायऱ्यांना वेलबुट्टीचा लोखंडी कठडा."

पुतण्या चर्चपासून तसा चालत गेला. घर सापडलं. त्यानं व्हिडिओ कॉलवर दाखवलं: वर कुठलंसं ऑफिस, पण कठडा तोच.

काका लहान मुलासारखे हसले. "आता मागे वळ," ते पुतण्याला म्हणाले, "पाणी दाखव."

पुतण्या वळला. रुंद रस्ता, गाड्यांची रांग. "काका, इथं भराव घातलाय. माझ्या जन्माआधीच."

काकांनी फोन मांडीवर ठेवला. मग मला म्हणाले, "ऑफिसर, आई त्या पाण्याकडे बघत शिवायची."

माणूस घर मागतो तेव्हा त्याला दारातून दिसणारं सगळंच हवं असतं, हे इतक्या नोकरीत मला कुणी शिकवलं नव्हतं. तक्रार खरी, पण तपास लागला नाही, अशा प्रकरणाला आम्ही 'अ' समरी म्हणतो. घर सापडलं तरी माझ्या लेखी ते प्रकरण 'अ' समरीतच राहिलं.