भिंतीपलीकडची गुलाबी जास्वंद

तंबाखूच्या पाण्याचा उग्र वास आला की मला माझं एक पाप आठवतं. माझ्या गुलाबी जास्वंदीवर कापसासारखा पिठ्या ढेकूण पडला, तेव्हा किडलेली फांदी छाटून मी गुपचूप भिंतीपलीकडे फेकली. आठवड्याने शेजारच्या, विड्या वळणाऱ्या अक्का तंबाखूचा चुरा भिजवलेलं पाणी घेऊन दारात आल्या. "अण्णा, माझ्या लाल जास्वंदीला कीड लागली. तुमच्या झाडावर पण मारा, पसरते की!" मला राहवेना. "अक्का, ती फांदी मीच टाकली होती." त्या खळखळून हसल्या. "माहीत हाय की! गुलाबी कळी आमच्यात कुटनं येणार? ती फांदी धुऊन कुंडीत लावली मी." माझं झाड पुढच्या उन्हाळ्यात वाळलं. आता देवासाठी गुलाबी फूल मी अक्कांकडे मागतो, आणि त्या ते मुद्दाम भिंतीवरूनच फेकतात.